मदत हवी आहे: आजींसाठी १९५३ चा ‘श्यामची आई’ फुकट, पण रीतसर कुठे बघता येईल?

नमस्कार मंडळी. जरा घाईचं काम आहे, म्हणून इथे विचारतेय.

आम्ही गिरगावात, ठाकूरद्वारजवळच्या चाळीत राहतो. आजेसासूबाई ८३ वर्षांच्या आहेत. पुढच्या गुरुवारी त्यांच्या दुसऱ्या डोळ्याचं मोतीबिंदूचं ऑपरेशन आहे. परवा माझी लेक (वय ८) आंघोळ करून मोरीच्या दारातच हटून बसली, ओल्या पायांना धूळ लागेल म्हणून बाहेर येईना. आजी तिथेच स्टुलावर बसल्या होत्या. त्यांनी तिला श्यामची गोष्ट सांगितली, पायाला घाण लागू नये म्हणून जपणाऱ्या मुलाला त्याची आई मनाबद्दल काय सांगते ती. लेक एकदम गप्प झाली. मग म्हणाली, "पणजी, याचा पिक्चर आहे?"

आहे ना! आजींनी तो अकराव्या वर्षी, आला तेव्हाच, वडिलांचं बोट धरून इथल्याच एका थिएटरात जाऊन पाहिलाय. ऑपरेशनच्या आधी पणतीला शेजारी बसवून तो एकदा बघायचा, एवढीच त्यांची इच्छा आहे. गेली कित्येक वर्षं त्यांनी स्वतःसाठी काही मागितल्याचं मला आठवत नाही.

अडचणी अशा. शोधलं की २०२३ चा नवा चित्रपटच आधी येतो, नाहीतर जुन्याचे पाच-दहा मिनिटांचे तुकडे. यजमानांनी नोकरी बदलल्यापासून आम्ही ओटीटीची सगळी सब्स्क्रिप्शन्स बंद केलीत, आत्ता नवीन घेणं जमणार नाही. त्यात चाळीच्या ग्रुपवर कोणीतरी "पूर्ण सिनेमा फ्री" म्हणून लिंक टाकली. सासऱ्यांनी ती उघडली. त्याने एक ॲप उतरवून घ्यायला लावलं, मग वय तपासण्यासाठी १ रुपया कार्डाने भरा म्हणून सांगितलं, आणि अर्ध्या तासात खात्यातून ४,७०० रुपये गेले. सासरे दोन दिवस नीट जेवले नाहीत.

म्हणून फुकट हवाय, पण चोरीचा नको. टेलिग्रामवर मिळेल हे मला चार जणांनी सांगितलं. पण ज्या सिनेमात ती माउली पोराला खोटेपणापासून जपते, तोच चोरून आणून लेकीला दाखवायचा? माझ्याच्याने होणार नाही.

यूट्यूबवर एखादी प्रत सापडली, तर ती टाकणाऱ्याला तसा हक्क आहे की नाही हे कसं ओळखायचं? आणि आमचा टीव्ही स्मार्ट नाही, मागे एचडीएमआयचं भोक आहे तेवढं. शेजारचे म्हणतायत गच्चीवर पडदा लावू, सगळी पोरं बघतील. चालतं का असं?

प्रतिसाद

ताई, सिनेमाचं नंतर. १९३० ला फोन केलात का? सायबर फसवणुकीची ती राष्ट्रीय हेल्पलाइन आहे, जितका लवकर फोन तितकी पैसे पुढे सरकायच्या आत अडवले जाण्याची शक्यता जास्त. बँकेला सांगून कार्ड बंद करा आणि तक्रार लेखी द्या. ते ॲप काढून टाकाच, पण त्याआधी सासऱ्यांचा फोन विमान मोडवर टाका. अशी ॲप्स एसएमएस वाचायची परवानगी मागतात आणि ओटीपी परस्पर उचलतात. आणि त्यांना रागावू नका.

प्रतिसाद

मी चित्रपट वितरणाच्या धंद्यात २० वर्षं काढली, त्यामुळे हक्कांची भानगड सांगू शकतो. तुम्ही ज्याची काळजी करताय ती या सिनेमापुरती बरीचशी मिटलेलीच आहे.

आपल्या १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात चित्रपटाचा हक्क ६० वर्षं टिकतो, आणि मोजणी प्रदर्शनाच्या पुढच्या वर्षाच्या १ जानेवारीपासून होते. अत्र्यांचा ‘श्यामची आई’ १९५३ चा, म्हणजे १ जानेवारी १९५४ पासून मोजा. २०१३ च्या ३१ डिसेंबरला मुदत संपली. साने गुरुजी १९५० साली गेले. लेखकाचा हक्क त्याच्या मृत्यूनंतर ६० वर्षं, त्यामुळे मूळ पुस्तकही २०११ पासून सर्वांना खुलं आहे. तुमच्या लेकीला ते वाचूनही दाखवा, त्याला कोणाची आडकाठी नाही.

मात्र सिनेमा खुला झाला म्हणून त्यातलं सगळंच खुलं होत नाही. पटकथा-संवाद अत्र्यांचे, ते १९६९ ला गेले. संगीत वसंत देसाईंचं, ते १९७५ ला गेले. लेखन आणि संगीत यांचे हक्क त्या त्या माणसाच्या आयुष्यावरून वेगळे मोजले जातात, म्हणजे अनुक्रमे २०२९ आणि २०३५ च्या अखेरपर्यंत. घरात बसून बघणाऱ्याला याने काही फरक पडत नाही. गाणं कापून स्वतःच्या चॅनेलवर टाकू नका, एवढंच.

२०२३ चा नवा चित्रपट मात्र पूर्णपणे हक्काखाली आहे. तो "फ्री" म्हणून कोणी अनोळखी पाठवला तर हातही लावू नका. जस्टवॉच या संकेतस्थळावर भारत निवडून नाव टाकलंत की कुठला चित्रपट कुठल्या अधिकृत ठिकाणी आहे ते कळतं, आणि फुकटचे वेगळे गाळूनही बघता येतात.

जाता जाता: पहिल्या राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांत सर्वोत्कृष्ट चित्रपटाचं राष्ट्रपती सुवर्णपदक या सिनेमाला मिळालं होतं. लेकीला हे आधी सांगा, बसेल.

प्रतिसाद

यूट्यूबवरची प्रत कशी पारखायची ते सांगते, मुलांना सिनेमे दाखवताना मी हेच करते.

आधी चॅनेलचं नाव दाबून आत जा. राजश्री, शेमारू, अल्ट्रा अशा कंपन्यांची स्वतःची मराठी चॅनेल्स आहेत, त्यांवर पूर्ण लांबीचे सिनेमे जाहिरातींसह फुकट असतात, आणि जाहिरातींचा पैसा हक्कदाराकडे जातो. याउलट चित्र डावं-उजवं उलटलेलं, कडा कापलेल्या, आवाज किंचित चिरका, मध्येच रंगीत चौकट, आणि खाली "हक्कभंगाचा हेतू नाही" असं लिहिलेलं, तर तो चोरीचा माल समजा. ज्याच्याकडे हक्क असतो त्याला असली सफाई द्यावी लागत नाही.

जुन्या सिनेमात चोरीपेक्षा कापाकापीची भीती जास्त. हा सिनेमा साधारण अडीच तासांचा आहे. पावणेदोन तासांची प्रत मिळाली तर काहीतरी उडवलंय. आजींच्या लगेच लक्षात येईल.

प्रसार भारतीचं वेव्हज ॲपही बघा, नोव्हेंबर २०२४ मध्ये आलंय, दूरदर्शनचा जुना खजिना तिथे आहे, बरंचसं फुकट. एमएक्स प्लेअरवरही जाहिराती सोसल्या तर पैसे पडत नाहीत. आणि कुठलंही ॲप फोनच्या अधिकृत स्टोअरमधूनच घ्या, कोणाच्या लिंकवरून नाही.

टीव्हीसाठी कोणाचा तरी लॅपटॉप आणि एक एचडीएमआय केबल पुरते. फोन थेट जोडायच्या भानगडीत पडू नका, बऱ्याच फोनमधून चार्जिंगच्या भोकातून चित्र बाहेर जातच नाही. केबल लॅमिंग्टन रोडला मिळेल, तुम्हाला तर चालत जाण्यासारखं.

प्रतिसाद

गच्चीचं मात्र जपून. यूट्यूबच्या अटींत व्हिडिओ वैयक्तिक वापरासाठीच आहेत, सार्वजनिक पडद्यावर दाखवायचे नाहीत, असं स्पष्ट लिहिलंय. तिकीट लावा न लावा, अट तीच. त्यात वर म्हटल्याप्रमाणे गाण्यांचे हक्क शिल्लक आहेतच. घरात नातेवाईक आणि दोन शेजारी बसले तर ते घरगुतीच झालं, पण चाळीच्या नोटीस बोर्डावर कागद लावून पडदा बांधला की तो कार्यक्रम होतो. गणपतीत खरंच करायचं असेल, तर पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाला मंडळाच्या लेटरहेडवर पत्र लिहा. ते आता एनएफडीसीच्या, म्हणजे राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाच्या अखत्यारीत आहे. प्रतीचं आणि परवानगीचं काय ते तिथून लेखी घ्या. आत्ता आजींसाठी घरातच लावा.

धागाकर्ती

सगळ्यांचे मनापासून आभार. १९३० ला तक्रार नोंदवली, बँकेतही लेखी दिली, नंबर मिळालाय. सासऱ्यांना हा धागा वाचून दाखवला. "रागावू नका" वाचल्यावर ते उठून आत गेले, थोड्या वेळाने येऊन चहा मागितला.

पूर्ण लांबीची प्रत मिळाली. वर सांगितलेल्या सगळ्या कसोट्या लावल्या: चॅनेल बघितलं, मिनिटं मोजली, सुरुवातीची आणि शेवटची श्रेयनामावली आहे याची खात्री केली. नणंदेचा लॅपटॉप आणला आणि रविवारी दुपारी लावला. गच्चीचा बेत आम्ही सोडला, मंडळाचे सेक्रेटरी पत्र लिहिणार आहेत. तरी घरात ११ जण होते, खाटेवर, खाली, दोघं उंबऱ्यात.

चित्र मधूनमधून पांढरं होत होतं आणि आजींना धूसर दिसत होतं, पण पुढे कुठला संवाद येणार हे त्यांना आधीच ठाऊक असायचं. श्यामच्या आईच्या भूमिकेतली वनमाला पडद्यावर आल्यावर त्यांनी लेकीचा हात धरला तो शेवटपर्यंत सोडला नाही. लेकीला अर्ध्या शब्दांचे अर्थ विचारावे लागले. आजी सांगत होत्या, आणि मध्ये जाहिरात लागली की तेवढ्यात दोघींचं बोलणं पूर्ण व्हायचं.

आता एकच विचारायचंय. ऑपरेशननंतर डॉक्टर किती दिवस टीव्ही बघू देतात? कोणाच्या घरी हल्लीच झालं असेल तर सांगा. डॉक्टरांना विचारणारच आहे, पण आजींनी आत्तापासूनच बजावलंय की दोन्ही डोळ्यांनी स्वच्छ दिसायला लागलं की पुन्हा पहिल्यापासून लावायचा.