इंग्लंडमधल्या गॉस्पोर्टच्या वैमानिक-शाळेचं श्रेय एकट्या स्मिथ-बॅरीला द्यायचं का?

भिंगरी: १९१६ मध्ये, पहिल्या महायुद्धात, फ्रान्सात ब्रिटिश हवाई दलाच्या ६० व्या स्क्वाड्रनचा (विमानांच्या तुकडीचा) प्रमुख होता मेजर रॉबर्ट स्मिथ-बॅरी. इंग्लंडहून येणारी पोरं जेमतेम सात तास उडालेली असत. हा सरळ खून आहे, असं त्याने फ्रान्समधल्या हवाई दलाचा प्रमुख ट्रेंचर्ड याला सुनावलं. मग डिसेंबरात त्यालाच गॉस्पोर्टला शिकवायला धाडलं. तिथे त्याने दुहेरी कंट्रोलचं (शिक्षक-विद्यार्थी दोघांनाही चालवता येईल असं) ॲव्ह्रो ५०४ विमान घेतलं, विद्यार्थ्याला वैमानिकाच्या जागी बसवलं आणि ज्या स्पिनला, म्हणजे विमान गरगरत खाली कोसळण्याला, सगळे टरकत तो मुद्दाम घालून त्यातून बाहेर काढायला लावलं. माझ्या मते त्या युद्धातली सगळ्यात मोठी सुधारणा हीच. बोला!

खवचट_काका: पुन्हा एक देव्हारा! स्पिनमधून विमान बाहेर काढलं ते पार्क नावाच्या वैमानिकाने, सॅलिसबरी प्लेनवर, १९१२ साली, रडर (शेपटीचं सुकाणू) उलट दाबून. अपेव्हनची सेंट्रल फ्लाइंग स्कूलही त्याच वर्षीची, आणि तुमचा स्मिथ-बॅरी तिच्या पहिल्याच तुकडीतला. खुद्द ट्रेंचर्डने लायसन्स मिळवलं ते एक तास चार मिनिटं उडून. तेव्हा कुणाला काही खटकलं नाही. १९१७ मध्ये जरा बरी विमानं हाती आली, बस्स.

भिंगरी: काका, पार्क वाचला तो ऐन वेळी हात-पाय चालवून. एकाला जमलं म्हणून शेकड्यांना शिकवता येतं का? गॉस्पोर्टआधी शिकवायला कोण होते? आघाडीवरून थकून आलेले लोक. विद्यार्थ्यांना ते 'हन' म्हणत, म्हणजे जर्मन, शत्रूच! आपला जीव या पोरांच्या हातात, ही भीती त्यामागे. स्मिथ-बॅरीने आधी शिक्षकांना शिकवलं. मला खरं मोल तिथे दिसतं.

तेल_आणि_धूर: नळी विसरलात दोघंही. इंजिन मंदावून ओरडण्याऐवजी शिक्षक रबरी नळीतून बोलायचा, आवाज थेट विद्यार्थ्याच्या कानात, डॉक्टरांच्या स्टेथोस्कोपसारखा. हिचं नाव पुढे 'गॉस्पोर्ट ट्यूब'च पडलं. चूक होतानाच सांगता येऊ लागलं, एवढ्यानेच किती फरक पडला असेल!

खवचट_काका: नळी मान्य. पण कॅमल या लढाऊ विमानाचं काय? एकच जागा, गरगर फिरणाऱ्या रोटरी इंजिनाचा एका बाजूला ओढा, पहिलंच उड्डाण एकट्याने. गॉस्पोर्टची ख्याती झाल्यावरही नवशिके त्यात मरतच होते. दोन जागांचं कॅमल आलं १९१८ मध्ये. पद्धत कितीही चांगली असो, विमानात शिक्षकाला जागाच नसेल तर तो शिकवणार कुठून?

आणि आपले इंद्रलाल रॉय घ्या. डिसेंबर १९१७ मध्ये ५६ व्या स्क्वाड्रनमध्ये एस.ई.५ए हे लढाऊ विमान घेऊन कोसळले, इंग्लंडला परतले. जून १९१८ मध्ये ४० व्या स्क्वाड्रनमध्ये आले आणि जुलैत तेरा दिवसांत दहा विमानं पाडली. पडल्यावर दुसरी संधी मिळाली, हे त्यांचं नशीब. मुंबईचे श्रीकृष्ण वेलिणकर त्याच जूनअखेर गेले, डॉल्फिन हे लढाऊ विमान उडवताना झालेल्या जखमांनी.

भिंगरी: वेलिणकरांचं नाव काढलंत, बरं केलंत. पण काका, दुसरी संधी मिळायच्या आधी पहिलीत जिवंत राहावं लागतं, आणि मी तेच तर म्हणतेय.