चेन लाँग : सोनं जिंकूनही तिसराच?

शटलवेडा
रविवारी खेळून झाल्यावर हॉलबाहेर चहाला थांबलो होतो. विषय निघाला, गेल्या पंधरा-वीस वर्षांतले बॅडमिंटनच्या पुरुष एकेरीतले मोठे खेळाडू कोण? लिन डान आला, ली चाँग वेई आला, अ‍ॅक्सेलसन, मोमोटा, झालंच तर तौफिक हिदायत. दोन कटिंग संपले तरी चीनच्या चेन लाँगचं नाव कुणाच्या तोंडात नाही. शेवटी मीच काढलं, तर एक जण म्हणतो, "हां, तोपण होता की."

तोपण! अहो, ऑलिंपिकला लंडनमध्ये २०१२ ला कांस्य, रिओत २०१६ ला सुवर्ण, टोकियोत रौप्य. तिन्ही रंगांची पदकं घरात आहेत त्याच्या. २०१४ आणि २०१५ अशी सलग दोन वर्षं जगज्जेता. २०१३ आणि २०१५ ला ऑल इंग्लंड ही मानाची स्पर्धा. त्याआधी २००७ ला ज्युनिअर जगज्जेता.

आणि मला खरं सांगायचंय ते पुढे. कोपनहेगन (२०१४ ची जागतिक), जकार्ता (२०१५ ची जागतिक) आणि रिओ, या तिन्ही मोठ्या फायनलला समोर एकच माणूस होता, मलेशियाचा ली चाँग वेई. तिन्ही वेळा चेन लाँगने त्याला दोन गेममध्ये गुंडाळलं. याच लीविरुद्ध लंडनमधल्या दोन्ही फायनलना (२०११ ची जागतिक, २०१२ ची ऑलिंपिक) चेनचाच चिनी संघसहकारी लिन डान पहिला गेम हरला होता, आणि शेवटचे गेम २३-२१ आणि २१-१९ असे कसेबसे सुटले. त्या दोघांच्या वैरावर आपण अजून हळहळतो, आणि ज्याने लीला तीनदा सोन्याविना परत पाठवलं तो "तोपण". माझ्या मते हा अन्याय आहे. बोला.

ठाणेकर बापू
आकडे तोंडपाठ आहेत तुमचे, पण खेळ आठवतोय का एखादा? लिन डानचा उडी मारून टाकलेला डावखुरा स्मॅश मला डोळे मिटून दिसतो. तौफिकचा बॅकहँड दिसतो. ली जमिनीवर झोपून फूल (शटल हो) काढतो आणि ते पडायच्या आत उभा राहतो, तेही दिसतं. चेन लाँगचा एक फटका सांगा. एकच. मी थांबतो.

आता तुमच्या तीन फायनल. कोपनहेगनला २०१४ मध्ये लिन डान स्पर्धेतच नव्हता. जकार्ताला त्याला डेन्मार्कच्या योर्गेन्सनने उपांत्यपूर्व फेरीतच घरी पाठवलं, आणि ली तर बंदी संपवून मे महिन्यात परत आलेला. (ज्यांना आठवत नसेल त्यांच्यासाठी : २०१४ च्या जागतिक स्पर्धेतल्या चाचणीत लीच्या नमुन्यात डेक्सामेथासोन हे स्टेरॉइड सापडलं, आठ महिन्यांची बंदी झाली, रौप्य काढून घेतलं. फसवण्याचा हेतू नव्हता हे महासंघानेही मान्य केलं.) रिओला लीने आदल्या दिवशी लिन डानशी तिसऱ्या गेममध्ये २२-२० पर्यंत रक्त आटवलं होतं. म्हणजे तिन्ही वेळा आयतं ताट.

शटलवेडा
आयतं ताट? कोपनहेगनला दोन्ही गेम २१-१९. ताट वाढलेलं असतं तर एवढा घाम गळला नसता. आणि नमुन्यात स्टेरॉइड सापडलेल्या माणसाला हरवलं, तर ते विजेत्याच्या खात्यातून वजा का करायचं? मला तर ते जमेला धरावंसं वाटतं.

रिओचं म्हणाल तर उपांत्य सामने दोघांचेही एकाच दिवशी झाले. चेनने अ‍ॅक्सेलसनला २१-१४, २१-१५ असं लवकर उरकलं यात त्याची चूक काय? लवकर उरकणं हेही कौशल्यच आहे.

डावखुरी
फटक्याचं मी सांगते. मी जिल्हा पातळीपर्यंत खेळलेय, त्यापुढे गेले नाही ते ज्या एका मुलीमुळे, तिचंही सांगते.

नाशिकला एका स्पर्धेत ती समोर आली. उंच, हाडकुळी, चेहऱ्यावर काही नाही. मी स्मॅश मारला, फूल परत. दुसऱ्या कोपऱ्यात मारला, परत. ड्रॉप टाकला, ती दोन ढांगांत नेटवर, आणि फूल माझ्या बेसलाइनवर. पाचव्यांदा परत आलं की सहाव्यांदा आपण रेषेच्या बाहेर मारतो. मारावंसं वाटत नसतं, पण हात ऐकत नाही. तिने मला एकही 'विनर', म्हणजे थेट गुण मिळवणारा फटका, मारला नाही हो. मी २१-९ ला हरले आणि हरवलं कुणी हेच कळेना.

चेन लाँगचं तेच होतं, नुसती भिंत, फक्त जगातल्या सर्वोत्तम स्मॅशसमोर. उंची १८७ सेंटीमीटर. एवढ्या उंच माणसाचं खरं दुखणं म्हणजे बरगडीवर आलेलं फूल. लांब हात आखडून रॅकेट पोटापाशी आणायला वेळ लागतो, म्हणून उंच खेळाडूच्या सगळे अंगावर मारतात. चेनच्याही मारायचे. तो गुडघे एवढे वाकवून उभा राहायचा की त्याची उंची अर्धी व्हायची. रॅकेटचं तोंड नुसतं धरायचा आणि फूल जाळीला घासून समोर पडायचं. आता लीने ते खालून उचलायचं. उचललं की वरून १८७ सेंटीमीटर.

बापू, हा घ्या फटका. हायलाइटमध्ये दिसत नाही, कारण कॅमेरा स्मॅश मारणाऱ्यावर असतो.

ठाणेकर बापू
छान लिहिलंत, आणि माझाच मुद्दा सिद्ध केलात. तुम्हालाही तो खेळ आठवतो तो हरण्याच्या दुःखामुळे. बघण्याच्या आनंदासाठी कोण आठवतं?

निशिगंध
मला वेगळीच शंका आहे. चिनी खेळाडूचं श्रेय किती त्याचं आणि किती व्यवस्थेचं? ली योंगबो चिनी संघाचा मुख्य प्रशिक्षक असताना अथेन्स ऑलिंपिकला झोउ मीने आपल्याच संघातल्या झांग निंगसमोर सामना सोडावा असं ठरवल्याचं त्यानेच नंतर सांगितलं. अशा संघातल्या खेळाडूच्या प्रत्येक आकड्याकडे मी थोडं तिरकं बघते.

शटलवेडा
तिरकं जरूर बघा, पण सरसकट नको. चेनच्या तिन्ही फायनलमध्ये समोर मलेशियाचा खेळाडू आहे. तिथे कोण कुणाला सामना सोडणार? उलट स्वतःच्या संघातून त्याला सवलत मिळालेली दिसत नाही. २०१३ ला ग्वांगझूमध्ये, म्हणजे त्यांच्या घरात, लिन डानने उपांत्यपूर्व फेरीत त्याला २१-१३, २१-१३ असं झोडपलं होतं. लिन डान वर्षभर जवळपास खेळलेला नव्हता, खास प्रवेशावर आला होता. तरी.

ठाणेकर बापू
अरे वा, हे तुम्हीच काढलंत! लिन डान समोर आला की काय व्हायचं ते दिसलं. आणि रिओनंतर? २०१७ ला सिडनीत ऑस्ट्रेलियन ओपनच्या फायनलला आपल्या श्रीकांतने २२-२०, २१-१६ हरवलं (तो सामना मी उभं राहून बघितला, ते सोडा). त्याच वर्षी ग्लासगोच्या जागतिक स्पर्धेत अ‍ॅक्सेलसनने उपांत्य फेरीत २१-९, २१-१०. नऊ आणि दहा! भिंत म्हणे.

अर्धवट पंच
'भिंत' शब्द आला तरी द्रविडचं नाव अजून कुणी काढलं नाही, याबद्दल धाग्याचं अभिनंदन.

डावखुरी
काढलंत ना तुम्ही :)

शटलवेडा
ग्लासगो लाजिरवाणं होतं, मान्य. पण मग टोकियो बघा. मार्च २०२० नंतर चिनी संघ परदेशात खेळलाच नव्हता. जवळपास सव्वा वर्ष एकही आंतरराष्ट्रीय सामना नाही आणि वय बत्तीस. सगळ्यांनी त्याला मोडीत काढलं होतं, मीसुद्धा. त्याने तैवानच्या चौ तिएन-चेनला तीन गेममध्ये काढलं, मग इंडोनेशियाच्या गिंटिंगला २१-१६, २१-११. फायनलला अ‍ॅक्सेलसनने हरवलं, पण बत्तिसाव्या वर्षी ऑलिंपिकच्या फायनलला पोचला.

आणि त्याच्यानंतर चीनचं काय झालं? २०१५ ला त्याने जागतिक विजेतेपद जिंकलं, त्यानंतर चिनी पुरुषाला ते मिळायला २०२५ उजाडलं, शी युची. मध्ये दहा वर्षं. ऑलिंपिकचं एकेरी सोनं तर रिओनंतर चिनी पुरुषाला अजून नाही. व्यवस्था तीच होती की हो, निशिगंध. मग दहा वर्षं व्यवस्थेने दुसरा का नाही काढला?

निशिगंध
हा मुद्दा मात्र लागला. व्यवस्थेबद्दलचं माझं मत तेच आहे, पण चेनच्या बाबतीत जरा घाई केली.

एक आठवलं. रिओला १९ ऑगस्टला सिंधूची फायनल होती. आमच्या सोसायटीत क्लबहाउसमध्ये पडदा लावला होता, वडे होते, तिसऱ्या गेमला शेजारच्या आजी देव पाण्यात ठेवून बसल्या होत्या. दुसऱ्या दिवशी पुरुषांची फायनल. पडदा काढलेला, वडे नाहीत. घरी मी एकटीच टीव्हीसमोर. मी तरी कुठे चेन लाँगसाठी बसले होते? ली या खेपेला तरी जिंकतो का ते बघायला बसले होते. २१-१८, २१-१८. त्याने काही चुकीचं केलं नव्हतं, पण मला त्याचा राग आला होता. आपल्यापैकी बऱ्याच जणांचा तो राग अजून गेला नसावा.

ठाणेकर बापू
हे खरंय. सलग तिसरं रौप्य घेताना लीचा चेहरा बघवत नव्हता. माझ्या विरोधात निम्मा तो चेहरा आहे, हे कबूल. उरलेला निम्मा मात्र खेळाचा आहे आणि त्यावर मी ठाम आहे. पदरचे पैसे घालून तिकीट काढायचं तर मी लिन डानचंच काढेन.

शटलवेडा
आणि पैज लावायची झाली तर? फायनल आहे, समोर ली आहे, पैसे तुमचेच.

ठाणेकर बापू
हा प्रश्न गैरलागू आहे.

डावखुरी
उत्तर द्या बापू.

ठाणेकर बापू
चेन लाँगवर. पण सामना न बघता.

अर्धवट पंच
रविवारी सातला हॉलवर या सगळे. फुलं बापूंची. नायलॉनची चालणार नाहीत.