बीपीची गोळी चालू असताना ज्येष्ठमध रोज द्यावा का?

रानजाई: आई ६८ वर्षांची आहे, कोरडा खोकला आहे आणि घसा सारखा खवखवतो, कोणीतरी सांगितलं म्हणून ज्येष्ठमधाची पूड मधातून सकाळ-संध्याकाळ सुरू केलीये आणि बराच आराम पण पडलाय. आता हेच कायम चालू ठेवू का? बीपीची गोळी चालू आहे तिची.

खलबत्ता: घशाला ज्येष्ठमधासारखं दुसरं काही नाही. पूड कशाला, काडीचा छोटा तुकडा चघळायला द्या, रस हळूहळू उतरतो आणि घसा ओला राहतो. आमच्याकडे वर्षानुवर्षं घेतात, काही होत नाही.

साधीमाणसं: खलबत्ता, दोन-चार दिवस घशासाठी ठीक, पण बीपीवाल्याला रोज नको हो. त्याला जो गोडवा असतो ना तो ग्लिसिरायझिन नावाच्या घटकाचा, साखरेच्या कितीतरी पट गोड, आणि तेच बीपी वाढवतं. आपल्या शरीरात कॉर्टिसॉल नावाचं हार्मोन असतं, किडनीत एक एन्झाइम त्याला निकामी करत असतं, ज्येष्ठमध त्या एन्झाइमलाच अडवतो. मग कॉर्टिसॉल किडनीला मीठ आणि पाणी धरून ठेवायला लावतं आणि पोटॅशियम लघवीवाटे निघून जातं. म्हणजे एकीकडे गोळीने बीपी उतरवायचं आणि दुसरीकडे पुडीने चढवायचं.

रानजाई: बापरे. तिच्या गोळीत लघवी जास्त होण्याचं औषध पण आहे, आणि चार-पाच दिवसांपासून घोट्यांना सूज वाटतेय, मला वाटलं वयामुळे असेल.

साधीमाणसं: मग पूड आजच बंद करा. लघवी वाढवणाऱ्या बऱ्याच औषधांनी पोटॅशियम आधीच कमी होतं, वर ज्येष्ठमध, म्हणजे दुप्पट मार. फार कमी झालं तर पायात गोळे येतात, अशक्तपणा येतो, हृदयाचे ठोके बिघडतात. डॉक्टरांना पूड चालू होती हे स्पष्ट सांगा, लोक घरगुती औषध सांगतच नाहीत. बीपी आणि पोटॅशियम तपासून घ्या. बंद केल्यावरही परिणाम आठवडा-दोन आठवडे रेंगाळू शकतो, म्हणून बीपी मोजत राहा. डिगॉक्सिन (हृदयाचं औषध) किंवा स्टेरॉइड चालू असेल त्यांनीही लांब राहावं, गरोदर बायकांनी तर नकोच.

पानगळ: धडधाकट माणसाला किती चालतो मग?

साधीमाणसं: नेहमी घेणाऱ्यांसाठी युरोपच्या वैज्ञानिक समितीने २००३ मध्ये दिवसाला १०० मिलिग्रॅम ग्लिसिरायझिनची मर्यादा सुचवली होती. पण घरच्या पुडीत ते किती आहे ते मोजता येत नाही, प्रत्येक मुळात कमीजास्त असतं, म्हणून चमच्याचा हिशोब मी देणार नाही. ग्लिसिरायझिन काढून टाकलेल्या डीजीएल गोळ्या मिळतात, लोक त्या ॲसिडिटीसाठी घेतात, त्यात हा धोका बराच कमी. आणि हर्बल चहा, खोकल्याचं सिरप, चघळायच्या गोळ्या यांच्या लेबलवर पण ज्येष्ठमध किंवा यष्टिमधु लिहिलंय का बघा, सगळं मिळून बेरीज होते.

रानजाई: बंद केली पूड. बीपी आत्ता १५८/९४ आलंय, डॉक्टरांना फोन लावतेय. घशाला तोवर काय देऊ?

खलबत्ता: कोमट मिठाच्या पाण्याच्या गुळण्या, पाणी थुंकायला सांगा. आणि धडधड किंवा चक्कर वाटली तर फोनवर थांबू नका, सरळ दवाखान्यात न्या.