झेब्रा क्रॉसिंगवर नटणाऱ्या पोरांचं एवढं काय खुपतं?

मुक्काम_जकार्ता: काल इथे एका काकांनी ठोकून दिलं, ‘इंडोनेशियाची तरुण पिढी कॉफी आणि कपड्यांत वाया गेली’. पुरावा काय, तर चितायमच्या पोरांचे फोटो. काका, 2022च्या जुलैत मी जकार्ताच्या मधोमध असलेल्या दुकुह आतासलाच रोज उतरायचो. चितायम, बोजोंगगडे, देपोक अशा लांबच्या उपनगरांतली शाळकरी पोरं लोकलने यायची आणि उंच इमारतींच्या मधल्या झेब्रा क्रॉसिंगवर ठुमकत चालायची. त्यालाच ‘चितायम फॅशन वीक’ म्हणायचे. एकाच्या पँटचे पाय चार बोटं दुमडलेले, थोरल्या भावाची असावी. जकार्तातल्या पॉश ऑफिसांच्या भागाला म्हणतात एससीबीडी, म्हणजे सुदिरमन सेंट्रल बिझनेस डिस्ट्रिक्ट. पोरांनी त्याचं ‘सुदिरमन, चितायम, बोजोंगगडे, देपोक’ करून टाकलं. वाया गेलेल्यांना हे सुचतं?

निवृत्त_काका: तो काका मीच. रस्ता काय यांच्या तीर्थरूपांचा? एखादं पोर गाडीखाली आलं असतं म्हणजे? माझा नातू रीळ काढताना जिन्यावरून पडला, सहा आठवडे प्लास्टर. शब्दांचे खेळ करून पोट भरत नाही.

मुक्काम_जकार्ता: नातू तुमचा पडला, शिक्षा चितायमला!

चौथी_सीट: ते राहू द्या. लोकलने यायची म्हणता, दारात लटकून?

मुक्काम_जकार्ता: छे, दारं बंद. जपानने वापरून काढलेले डबे, पण एसी. पहिल्या 25 किलोमीटरला 3000 रुपिया, तेव्हाचे आपले सोळाएक रुपये. चितायमहून थोडे जास्त.

चौथी_सीट: सोळा रुपयांत एसी?! मी अकरा वर्षं दिव्याहून मुंबईच्या लोकलने जातोय. एकदा एक पाय आत, एक बाहेर, जेवणाचा डबा मागच्याच्या पिशवीत अडकलेला. मुंब्र्याचं वळण आलं की अजून पोटात गोळा येतो. आणि इथे चर्चा कसली, तर पँट दुमडायची!

निवृत्त_काका: जकार्ताचं एवढं कौतुक नको. तिथेही लोक टपावरून जायचे. 2012ला त्यांना अडवायला रुळांवर काँक्रीटचे गोळे टांगले होते.

मुक्काम_जकार्ता: होते ना, आणि पुढे टपावरचा प्रवास बंदही झाला. सुधारलं, हे तुमच्याच तोंडून आलं, आभारी आहे.

निवृत्त_काका: टोमणे पुरे. एका सिनेनटाने पोरांच्या त्या फॅशन वीकचं नाव स्वतःच्या कंपनीकडे नोंदवायला अर्ज टाकला, तेव्हा मलाही चीड आली होती. एवढंच कबूल. बोंबाबोंब झाल्यावर मागे घेतलान. पण शाळा बुडवणं ते बुडवणंच.

मुक्काम_जकार्ता: जुलैत शाळा कुठल्या वेळी सुटते, ते तरी बघा.

चौथी_सीट: त्या गोळ्यांचा फोटो आहे का कुणाकडे?