शाळा पाड्यापासून किती लांब होती? अनुभव लिहा

महाराष्ट्रात आज सुमारे 500 शासकीय आणि त्याहून थोड्या जास्त अनुदानित आश्रमशाळा, म्हणजे आदिवासी मुलांच्या निवासी शाळा, आहेत. त्यांच्या इमारती, अनुदान, पटसंख्या यांवर भरपूर लिहिलं जातं. तिथे राहून शिकलेल्यांनी मात्र फार कमी लिहिलं आहे. म्हणून हा धागा. तुमच्या घरातली शाळेत गेलेली पहिली पिढी कुठली? शाळा पाड्यावर होती की मुक्कामी? शिकवणारे कुठले होते? कशामुळे टिकलात, किंवा कशामुळे सुटली? विद्यार्थी, शिक्षक, अधीक्षक, स्वयंपाकी, पालक, सगळ्यांनी लिहा. शाळांची आणि माणसांची नावं टाळा.

धडगाव तालुका, नंदुरबार

मी पावरा आदिवासी. 1980 च्या दशकात आश्रमशाळेत गेलो. घरातून निघालं की दोन डोंगर ओलांडायचे, मग खालच्या रस्त्यावर गाडी मिळाली तर मिळाली. वडिलांनी हजेरीपटावर अंगठा दिला. जन्मतारीख त्यांना सांगता येईना, तेव्हा गुरुजींनी 1 जून लिहून टाकली. वर्गात जवळजवळ सगळ्यांचीच 1 जून! नावही बदललं. घरचं नाव सरांना लिहायला अवघड वाटलं, त्यांनी सोपं दिलं. आज सातबाऱ्यावर, आधारवर तेच आहे. आई मरेपर्यंत जुन्याच नावानं हाक मारायची.

पहिलं वर्ष मी बोललोच नाही. सर खानदेशातले, चांगले होते, पण त्यांची मराठी मला कळत नव्हती आणि माझी पावरी त्यांना. फळ्यावरचं उतरवून काढायचो. अक्षर सुंदर, अर्थ शून्य. सर म्हणायचे, पोरगं हुशार आहे पण मुकं आहे.

होळीच्या आधी भोंगऱ्या बाजार लागतो. त्या आठवड्यात निम्मी शाळा रात्रीतून पसार व्हायची, मीसुद्धा. ढोल वाजत असताना शाळेत कोण थांबेल? मग सर पाड्यापाड्यावर पायी फिरून मुलं गोळा करायचे. काही परत यायची, काही नाही. रजिस्टरमध्ये त्याला 'गळती' म्हणतात. होळीची सुट्टी नीट आठवडाभर दिली असती, तर त्यातली किती मुलं राहिली असती, हे मला अजून वाटतं.

मी टिकलो तो आमच्या स्वयंपाकी बाईमुळे. ती शेजारच्या गावची, पावरी बोलायची. डाळ पातळच असायची, पण वाढताना ती घरची विचारपूस करायची, बाजारातून पाड्यावरचे निरोप आणायची. शिक्षक म्हणून तिची नोंद कुठेही नाही. माझी पहिली शिक्षिका तीच. दहावी झालो, नोकरीला लागलो.

अक्कलकुवा तालुका

मी नर्मदाकाठच्या जीवनशाळेतला. धरणात बुडणाऱ्या गावांत सरकारी शाळा बऱ्याचदा कागदावरच असायच्या, म्हणून नर्मदा बचाव आंदोलनानं 1991 च्या सुमारास चिमलखेडी, निमगव्हाण इथून सुरुवात केली. 'लडाई पढाई साथ साथ' अशी घोषणा होती. गुरुजी आमच्यातलेच तरुण. आधी आपल्या बोलीत, मग मराठीत. झाडं, औषधी मुळ्या, नदी हेही शिकण्यात धरलेलं. पाण्यानं शाळेची जागा गेली की वर टेकडीवर पुन्हा कुडाच्या भिंती उभ्या करायच्या, ते काम पालकच करायचे. चौथीनंतर मी मोठ्या शाळेत गेलो. तिथे मराठी कच्ची पडली हे खरं, पण प्रश्न विचारायची भीती कधी वाटली नाही.

डहाणू

आमच्याकडचं वेगळं. ताराबाई मोडकांनी 1945 मध्ये बोर्डीला बालशिक्षणाचं काम सुरू केलं आणि 1957 च्या सुमारास ते कोसबाडच्या टेकडीवर आलं. सोबत अनुताई वाघ. वारली मुलं शाळेत येत नाहीत, कारण ती गुरांमागे असतात, हे त्यांनी पाहिलं आणि शाळाच कुरणावर नेली. तीच कुरणशाळा. माझी आई बालवाडीत ताई होती. ती सांगायची, आधी मुलांना आंघोळ घालायची, केस विंचरायचे, मग शिंपले, बिया, पानं घेऊन मोजणी. मूल संध्याकाळी आपल्या आईकडे जायचं. माझ्या मते सगळा फरक एवढ्यातच आहे.

एक अधीक्षिका, ठाणे-पालघर भाग

पालक आम्हाला दोष देतात, तो बरोबरच आहे. पण रात्री दीडशे मुलींना मी एकटी. एकीला ताप चढला की गाडी शोधायची, बाकीच्या कुणाच्या भरवशावर सोडायच्या? आश्रमशाळांतल्या मृत्यूंवर डॉ. सुभाष साळुंखे समितीनं 2016 मध्ये अहवाल दिला, तेव्हा कुठे राज्यात यावर मोठ्यानं बोलणं झालं. माझी एकच मागणी आहे: प्रत्येक वसतिगृहात रात्री राहणारी नर्स हवी.

यलोनाइफ, कॅनडा

मी पुण्याची, इथे नर्स आहे. उत्तरेतल्या डेने आणि इनुइट या मूळनिवासी समाजांतल्या वयस्क पेशंटांकडून हेच ऐकते, फक्त अंतरं हजार किलोमीटरची. उन्हाळा संपता संपता पाण्यावर उतरणारी विमानं वस्त्यांवर यायची आणि मुलं उचलून न्यायची. 1920 च्या कायद्यानं निवासी शाळा सक्तीची झाली होती. देशभरात सुमारे 1,50,000 मुलं या शाळांतून गेली, हजारो परतलीच नाहीत. इनुविकचं ग्रोलियर हॉल वसतिगृह तर 1959 ते 1997 चाललं, म्हणजे माझ्या वयाची माणसंही त्यात आहेत. 2008 मध्ये पंतप्रधानांनी संसदेत माफी मागितली, 2015 मध्ये सत्यशोधन आयोगानं 94 शिफारशी दिल्या. एक आजी तपासणीला आल्या की हात धरू देत नाहीत. मी आधी विचारते, थांबते, मग त्या स्वतः हात पुढे करतात.

धागाकर्ती

यलोनाइफच्या ताई, मनापासून आभार. एक स्पष्ट लिहायला हवं. तिथे मुलं कायद्यानं आईबापांपासून तोडली गेली, त्यांची भाषा मोडणं हा उघड हेतू होता. आपल्याकडे आईबापांनी मुलं स्वतः आणून सोडली, पोटभर जेवण आणि दोन अक्षरं मिळतील म्हणून. दोन्ही एकाच मापानं मोजणं अन्यायाचं होईल. पण मुलाच्या घराला काहीच येत नाही, हे गृहीत दोन्हीकडे होतं, आणि धडगावच्या दादांनी लिहिलेलं ते मुकं वर्ष त्यातूनच आलं.

गडचिरोली

मी गोंड आहे, दोन मुलांचा बाप. आमच्या जिल्ह्यात धानोरा तालुक्यातल्या मोहगावच्या ग्रामसभेनं 2019 मध्ये गोंडी माध्यमाची शाळा स्वतः काढली. मान्यता नाही म्हणून 2022 मध्ये शिक्षण खात्याची नोटीस आली. संविधानाचं कलम 350-क प्राथमिक शिक्षण मातृभाषेतून देण्याची सोय करा म्हणतं, पण गोंडी आठव्या अनुसूचीत, म्हणजे संविधानातल्या भाषांच्या यादीत, नाही.

माझा मोठा मुलगा 'नामांकित' योजनेतून, म्हणजे आदिवासी मुलांना सरकारी खर्चानं नावाजलेल्या शाळेत घालतात त्यातून, शहरातल्या इंग्रजी शाळेत आहे. सुट्टीत येतो, आजीशी दोन वाक्यांपलीकडे बोलत नाही. धाकटी आता पहिलीला जाईल. ग्रामसभेच्या शाळेत घालावं असं मनात आहे, पण पुढे दाखल्याचं काय? मोहगावला किंवा जीवनशाळेत शिकून पुढे दहावी-बारावी केलेलं कुणी इथे असेल, तर पाचवीचा प्रवेश कसा मिळाला, कोणते कागद लागले, तेवढं लिहा. जूनच्या आत ठरवायचं आहे.