हप्ता तोच, कर्ज दहा वर्षांनी लांब

विषय: मॉर्गेजच्या (गृहकर्जाच्या) रिन्यूअलबाबत सल्ला हवा आहे
प्रेषक: ब्रॅम्प्टन येथील सभासद

कॅनडातील आपल्या मंडळातील सर्वांना सप्रेम नमस्कार.

आम्ही 2021 मध्ये घर घेतले, तेव्हा 20 टक्क्यांहून अधिक रक्कम आमची स्वतःची होती आणि उरलेले 6 लाख डॉलर पाच वर्षांच्या स्थिर दराने, 1.99 टक्क्यांनी मिळाले. परतफेड 25 वर्षांची असल्यामुळे महिन्याचा हप्ता 2,538 डॉलर बसला. आता पाच वर्षांची टर्म, म्हणजे दर बांधलेली मुदत, संपत आली आहे आणि नव्या दराने करार (रिन्यूअल) करायचा आहे; सुमारे 5,02,500 डॉलर फेडायचे बाकी आहेत आणि बँक 4.5 टक्के दर देऊ करत आहे. उरलेल्या 20 वर्षांतच कर्ज फेडायचे ठरवले तर हप्ता 3,168 होईल, परंतु परतफेड नव्याने 30 वर्षांची करून घेतली तर तो 2,534, म्हणजे आजच्याएवढाच राहील, असे बँकेच्या सल्लागारांनी सांगितले. पाळणाघराचा खर्च अजून दोन वर्षे चालणार असल्यामुळे आम्हा दोघांनाही दुसरा पर्याय सोयीचा वाटतो. तरीही सही करण्यापूर्वी जाणत्यांना विचारावे म्हणून हे पत्र लिहीत आहे.

आणखी एक विनंती आहे. माझे धाकटे दीर मिल्टनमध्ये 7 लाखांचे घर पाहत आहेत आणि 10 टक्के डाउन पेमेंट भरणार आहेत. हे त्यांचे पहिलेच घर आहे. त्यांनी कोणते खर्च आधीच लक्षात घ्यावेत?

आपली नम्र,
ब्रॅम्प्टनची एक सभासद

---

प्रेषक: मिसिसागा येथील सभासद

ताई, सप्रेम नमस्कार.

आयुष्यभर हिशेबाचेच काम केल्यामुळे मी थोडे विस्ताराने लिहितो. कंटाळा आल्यास मधला भाग सोडून द्यावा.

आपल्याकडे दोन मुदती एकाच वेळी चालू असतात. व्याजाचा दर बहुधा पाच वर्षांपुरता बांधलेला असतो, पण कर्ज 25 किंवा 30 वर्षांचे असते. आपले न्यू जर्सीतील नातेवाईक याबाबत जो सल्ला देतात तो त्यांच्या परीने बरोबरच असतो, कारण तिथे 30 वर्षांसाठी दर कायम ठेवणारे कर्ज सर्रास मिळते. इथे मात्र दर पाच वर्षांनी आपण बाजारात जो दर असेल त्यापुढे पुन्हा उभे राहतो. म्हणून इथल्या कर्जाचा खरा खर्च पहिल्या दिवशी ठरत नाही. तो प्रत्येक रिन्यूअलच्या वेळी, आपण कोणत्या कागदावर सही करतो त्यावर ठरत जातो.

आता आपल्या हप्त्याकडे पाहू. सध्याच्या टर्मच्या शेवटच्या टप्प्यात आपण जे 2,538 डॉलर भरता, त्यांपैकी सुमारे 830 व्याजात जातात आणि 1,700 च्या वर मुद्दल फिटते. दर 4.5 टक्के झाला की त्याच शिलकीवर महिन्याचे व्याज सुमारे 1,867 होते. म्हणजे 2,534 च्या नव्या हप्त्यातून मुद्दलात पडणार फक्त 667 डॉलर. खात्यातून जाणारी रक्कम तीच दिसते, पण कर्ज फिटण्याचा वेग निम्म्याहूनही कमी झालेला असतो, आणि हे बँकेच्या पत्रात कुठेही ठळकपणे छापलेले नसते. 3,168 चा हप्ता घेतला तर मुद्दलात 1,301 जातात. तेही आजच्यापेक्षा कमीच आहेत, कारण महाग पैशाचा परिणाम त्या पर्यायातही टळत नाही.

दर पुढेही 4.5 टक्केच राहील असे क्षणभर धरू. तो तसा राहणार नाही, पण तुलनेसाठी काहीतरी धरावेच लागते. 20 वर्षांच्या पर्यायात आपण आजपासून शेवटपर्यंत एकूण सुमारे 7,60,300 डॉलर भराल आणि 30 वर्षांच्या पर्यायात 9,12,200. फरक जवळजवळ 1,52,000 डॉलरचा आहे. शिवाय, पुढच्या रिन्यूअलला पहिल्या पर्यायात 4,15,300 डॉलर शिल्लक असतील आणि दुसऱ्यात 4,57,800. दर आणखी वाढलेला असेल तर तो मोठ्या रकमेवर बसेल, ही गोष्ट मला एकूण व्याजापेक्षाही अधिक महत्त्वाची वाटते. कॅनडाच्या मध्यवर्ती बँकेचा दर मार्च 2022 च्या सुरुवातीला 0.25 टक्के होता आणि जुलै 2023 मध्ये तो 5 टक्क्यांवर पोहोचला. त्या काळात ज्यांचा दर बदलता पण हप्ता स्थिर होता, अशा कित्येकांच्या हप्त्यातून व्याजसुद्धा पुरते वसूल होईना आणि कर्ज कमी होण्याऐवजी वाढू लागले. पुण्यात ज्यांचे गृहकर्ज आहे त्यांना हा प्रकार ओळखीचा वाटेल, कारण तिथेही दर वाढला की बँका बहुधा ईएमआय तोच ठेवून मुदत लांबवतात.

पाळणाघराची अडचण खरी आहे, ती मी हलकी मानत नाही. पण या दोन टोकांच्या मधला रस्ता बँकेला विचारायला हवा. परतफेड 25 वर्षांची केली तर हप्ता 2,781 होतो आणि 20 वर्षांच्या तुलनेत एकूण जादा खर्च सुमारे 74,000 वर येतो. बहुतेक करारांत वर्षाला मूळ कर्जाच्या 10 ते 20 टक्के रक्कम दंडाविना जादा भरण्याची आणि हप्ता वाढवण्याची सवलत असते. दोन वर्षांनी पाळणाघर सुटले की हप्ता वाढवता येईल का, किती वाढवता येईल आणि वर्षातून किती वेळा, हे करारातील कलमावर बोट ठेवून विचारावे.

एक नियम आपल्याला उपयोगी पडेल. 21 नोव्हेंबर 2024 पासून, बँकेला संरक्षण देणारा विमा नसलेले, म्हणजे आपल्यासारखे कर्ज रिन्यूअलच्या वेळी जसेच्या तसे दुसऱ्या बँकेत नेताना स्ट्रेस टेस्ट (दर वाढला तरी हप्ता झेपेल का याची तपासणी) द्यावी लागत नाही. मात्र कर्जाची रक्कम आणि परतफेडीची मुदत दोन्ही वाढता कामा नयेत. म्हणजे 20 वर्षांवर कायम राहिलात तर इतर बँकांकडून दर मागवण्याची मोकळीक आपल्या हाती राहते. मुदत 25 किंवा 30 वर्षांवर नेली की दुसऱ्या बँकेत जाताना स्ट्रेस टेस्ट द्यावी लागते आणि ती न जमल्यास आपण सध्याच्या बँकेच्या मर्जीवर राहता.

दिरांविषयी. डाउन पेमेंट 20 टक्क्यांहून कमी असेल तर कर्जाचा विमा सक्तीचा असतो. तो विमा बँकेला संरक्षण देतो, पैसे मात्र आपण भरतो. 10 टक्के डाउन पेमेंटला प्रीमियमचा दर कर्जाच्या 3.10 टक्के आहे. 6,30,000 वर तो 19,530 डॉलर होतो. ही रक्कम सहसा कर्जातच मिसळली जाते, म्हणून ती कोणाला जाणवत नाही, पण 4.5 टक्क्यांनी 25 वर्षे फेडली तर तीच सुमारे 32,400 डॉलरला पडते. पहिले घर घेणाऱ्यांना आता विम्यासह 30 वर्षांची परतफेडही मिळते, त्यासाठी प्रीमियम 0.20 टक्क्याने वाढतो. आपल्या ऑन्टारियो प्रांतात प्रीमियमवर 8 टक्के विक्रीकर लागतो आणि तो कर्जात घालता येत नाही, म्हणून 1,562 डॉलर रोख तयार हवेत. प्रांताचा लँड ट्रान्सफर टॅक्स (घर नावावर करताना लागणारा कर) 7 लाखांच्या घरावर 10,475 होतो. पहिल्या घराची 4,000 ची सूट वजा जाता 6,475 भरावे लागतील. मिल्टन टोरोंटो शहराच्या हद्दीबाहेर आहे हे बरे, नाहीतर शहराचा वेगळा करही भरावा लागला असता. वकील, टायटल इन्शुरन्स (मालकी हक्काचा विमा), तपासणी हे खर्च सर्वांना ठाऊक असतातच.

प्रीमियम धरून त्यांचे कर्ज 6,49,530 होईल आणि हप्ता सुमारे 3,595. पहिल्या पाच वर्षांत ते 2,15,700 भरतील, त्यांतील 1,36,400 व्याज असेल. हाच हप्ता अर्धा करून दर दोन आठवड्यांनी भरला, तर वर्षात 26 अर्धे, म्हणजे 13 पूर्ण हप्ते जातात आणि कर्ज सव्वातीन वर्षे आधी फिटून 60,000 हून अधिक व्याज वाचते. मात्र बँकेकडे 'ॲक्सिलरेटेड' हा प्रकार नाव घेऊन मागावा. नुसते पंधरवड्याचे हप्ते म्हटले तर वर्षाची रक्कम तीच राहते आणि फायदा नाममात्र होतो.

शेवटचा मुद्दा दंडाचा. भारतात बदलत्या दराचे गृहकर्ज व्यक्तीने मुदतीआधी फेडले तर बँका दंड घेत नाहीत. रिझर्व्ह बँकेने 2012 मध्येच ते बंद केले. तीच सवय मनात ठेवून इथे लोक पाच वर्षांच्या स्थिर दरावर सही करतात, आणि नोकरीनिमित्त कॅलगरीला जायची वेळ आली की चकित होतात. स्थिर दराचे कर्ज टर्मच्या मध्येच मोडले तर तीन महिन्यांचे व्याज किंवा करारातील आणि बाजारातील दरांतील फरकाची भरपाई, यांपैकी जे अधिक असेल ते भरावे लागते. 5 लाखांवर 4.5 टक्क्यांनी तीन महिन्यांचे व्याज 5,625 होते. पण तीन वर्षे बाकी असताना बाजारातील दर दीड टक्क्याने खाली आला असेल तर फरकाची भरपाई 22,500 च्या घरात जाते. ही भरपाई मोजण्याची रीत प्रत्येक बँकेची वेगळी असते. म्हणून घर पाच वर्षांत विकण्याची थोडीही शक्यता असेल, तर दरातील पाव टक्क्याच्या सवलतीपेक्षा दंडाचे कलम आधी वाचावे.

आपला,
मिसिसागाचा एक जुना सभासद

---

प्रेषक: वॉटर्लू येथील सभासद

सर्वांना नमस्कार.

मिसिसागाच्या काकांचे आकडे मी तपासून पाहिले, ते बरोबर आहेत. त्यांच्या बेरजेवर मात्र माझा आक्षेप आहे. आजचा डॉलर आणि तीस वर्षांनंतरचा डॉलर एकाच रकान्यात मांडून 1,52,000 चा फरक काढणे हे लोकांना घाबरवण्यासाठी ठीक असले तरी निर्णयासाठी पुरेसे नाही. महागाई वर्षाला 2 टक्के धरली तर तिसाव्या वर्षीचे 2,534 डॉलर आजच्या सुमारे 1,400 च्या मोलाचे असतील, आणि तोवर ताईंचा पगारही आजच्याएवढा राहिलेला नसेल. दरमहा वाचणारे 634 डॉलर त्यांनी टीएफएसएमध्ये (करमुक्त बचत खात्यात) गुंतवले आणि त्यावर 4.5 टक्क्यांहून अधिक परतावा मिळाला, तर मुदत लांबवणे हाच फायद्याचा व्यवहार ठरतो.

घराच्या किमतीत होणारी वाढ इथे मुद्दाम धरलेली नाही. ती दोन्ही पर्यायांत सारखीच असते.

आपला,
वॉटर्लूचा सभासद

---

प्रेषक: मिसिसागा येथील सभासद

आक्षेप योग्य आहे. निरनिराळ्या वर्षांचे डॉलर एकत्र मोजू नयेत हे तत्त्व मलाही मान्य आहे, आणि 634 डॉलर खरोखर गुंतवले जाणार असतील तर माझी हरकत उरत नाही. पण दोन गोष्टी जोडतो.

पहिली करासंबंधी. कॅनडात स्वतः राहत्या घराच्या कर्जावरील व्याजाची प्राप्तिकरात वजावट मिळत नाही. भारतात जुन्या करप्रणालीत 2 लाख रुपयांपर्यंत ती मिळते आणि अमेरिकेतही मर्यादेत मिळते, म्हणून तिथली समीकरणे इथे लावता येत नाहीत. ज्यांच्या मिळकतीच्या वरच्या भागावर 40 टक्के कर पडतो, त्यांना 1 डॉलर व्याज भरण्यासाठी सुमारे 1 डॉलर 67 सेंट कमवावे लागतात. उलट, मुद्दल आधी फेडून वाचलेले 4.5 टक्के हा करमुक्त आणि बिनजोखमीचा परतावा असतो. टीएफएसएमध्ये करमुक्ती आहे, पण 4.5 टक्क्यांच्या वरचा परतावा जोखीम घेतल्याशिवाय मिळत नाही.

दुसरी गोष्ट ताईंच्या पत्रातच आहे. ते 634 डॉलर गुंतवणुकीसाठी वाचवायचे नसून पाळणाघराला द्यायचे आहेत. ही गरज दोन वर्षांची आहे आणि तिच्यासाठी घेतलेली सवलत दहा वर्षांची. खर्च मोजायचा तो या तफावतीचा.

आपला,
मिसिसागाचा सभासद

---

प्रेषक: ब्रॅम्प्टन येथील सभासद

काका, आणि वॉटर्लूच्या दादांनाही मनापासून धन्यवाद.

काल आम्ही दोघांनी सगळे आकडे कागदावर मांडले. 3,168 चा हप्ता आजच्या घडीला खरोखरच झेपणारा नाही, त्यामुळे मुदत थोडी वाढवावीच लागेल आणि स्ट्रेस टेस्टशिवाय दुसऱ्या बँकेत जाण्याची मोकळीक सोडावी लागेल, हे आम्ही स्वीकारले आहे. 25 वर्षांची परतफेड, पाचऐवजी तीन वर्षांची टर्म, आणि हप्ता वर्षातून एकदा 15 टक्क्यांपर्यंत वाढवण्याची तरतूद, अशी मागणी बँकेला लेखी पाठवली आहे. दंड कसा मोजतात त्याचे उदाहरणही आमच्याच आकड्यांवर मागितले आहे. दीर सध्याचे घर सोडून आणखी वर्षभर पैसे साठवावेत का, या विचारात आहेत, कारण कर्जात मिसळलेला प्रीमियम 32,000 ला पडतो हे त्यांना कोणीच सांगितले नव्हते. बँकेचे उत्तर आले की इथेच कळवीन.

आपली,
ब्रॅम्प्टनची सभासद