चौकशी कसली, थेट घरी पाठवा?

अव्वल कारकून (निवृत्त):
"लाचखोराला विभागीय चौकशी कशाला, दुसऱ्याच दिवशी बडतर्फ करा" असं काल कुणीतरी लिहिलं आणि त्यावर अंगठ्यांचा पाऊस पडला. राहवलं नाही म्हणून लिहितोय. माझी डीई (विभागीय चौकशी) शिस्त व अपील नियमांतल्या नियम 8 खाली, म्हणजे मोठ्या शिक्षेसाठीची, चालली. पुराव्याच्या यादीत अकरा कागद, हातात आले चार. बाकीचे मागितले तर "अभिलेख उपलब्ध नाही". खात्याची बाजू मांडणारे सादरकर्ता अधिकारी तारखेला फिरकायचेच नाहीत, मग चौकशी अधिकारीच मला आडवं घ्यायचे. म्हणजे पंच आणि गोलंदाज एकच! पाच वर्षांनी "दोष सिद्ध नाही". तोवर माझ्या हाताखालची पोरं नायब तहसीलदार झाली होती.

बांधावरचा:
तुमचं वाईट वाटलं. पण आमच्या वारस नोंदीला पैसे मागणारा तलाठी रंगेहाथ सापडला, निलंबित झाला आणि वर्षाच्या आत शेजारच्या सज्जात (तलाठ्याच्या हद्दीत) हजर. मधल्या काळात घरबसल्या पगार!

अव्वल कारकून (निवृत्त):
पगार नाही हो, निर्वाह भत्ता! पहिले तीन महिने अर्धवेतनी रजेएवढा. पुढे वाढतो, तोही लांबण आपल्या हयगयीमुळे लागलं नाही असं साहेबाला वाटलं तर. दर महिन्याला "दुसरीकडे नोकरी करत नाही" हे लिहून द्यायचं. मी निलंबित असताना राहायला मुख्यालय दिलं होतं 140 किलोमीटरवर. बायकोचं मंगळसूत्र गहाण पडलं तेव्हा कुणी अंगठा नाही दाखवला.

बांधावरचा:
अर्धा पगार, काम शून्य. आम्हाला गारपिटीनंतर कोण देतं अर्धा?

मॅटची पायरी:
भत्त्यावरून भांडत बसा. सर्वोच्च न्यायालयाचा अजय कुमार चौधरी निकाल, 2015: तीन महिन्यांत दोषारोपपत्र दिलं नाही तर निलंबन पुढे रेटता येत नाही. बांधावरचे, तुमचा माणूस बहुधा म्हणूनच परतला. फाइल दाबून बसणाऱ्याला शिव्या घाला, नियमाला नको. आणि कोर्टात शिक्षा लागली तर राज्यघटनेच्या कलम 311 (2) च्या परंतुकाखाली (अपवादाखाली) चौकशीशिवाय घरी पाठवता येतंच.

बांधावरचा:
शिक्षा कधी लागणार, नातवाच्या लग्नात? मुंबई पोलिसातल्या सचिन वाझेंना तर 2021 मध्ये चौकशीविनाच काढलं की. मोठ्या बातमीला एक न्याय, आमच्या तलाठ्याला दुसरा.

मॅटची पायरी:
वाझेंना लावलं ते त्याच परंतुकातलं, चौकशी व्यवहार्यच नसेल तेव्हाचं कलम. कारणं लेखी नोंदवावी लागतात, "लोक चिडलेत" हे कारण नाही. कारकूनसाहेब, तुमचीही एक समजूत काढतो: कागद मिळाला नाही म्हणून चौकशी आपोआप पडत नाही. सर्वोच्च न्यायालयाच्या करुणाकर निकालात (1993) चौकशी अहवालाची प्रत देणं सक्तीचं केलं, पण न दिल्याने नुकसान काय झालं तेही दाखवावंच लागतं.

अव्वल कारकून (निवृत्त):
वा! कागद बघितलाच नाही, तर नुकसान कसं दाखवू? पत्रिका काढून?

मॅटची पायरी:
या एका मुद्द्यावर हरलो. एकाच.

बांधावरचा:
बरं बाबा, करा चौकशी. माझी नोंद तेवढी कुणी लावेल का?

अव्वल कारकून (निवृत्त):
नोंदीवर हरकती मागवणाऱ्या नोटीस नऊची मुदत संपली ना? हरकत आलीय?

बांधावरचा:
हरकत नाही. नोंद मंजूर करणारे मंडळ अधिकारी रजेवर आहेत.